नाना, मागे बघू नका

नाशिकरोड
५ जानेवारी २०२५

प्रिय ताई,

हे पत्र हाताने लिहायला लागतंय याचंच मला आधी रडू येतंय. दहावीच्या पेपरानंतर एवढं सलग काही लिहिलेलं नाही, बोटं आत्ताच दुखायला लागलीत. पण करणार काय? तुझी ती सुरगाण्याकडची आश्रमशाळा, तिथे रेंज नाही. तू रविवारी टेकडी चढून फोन लावतेस आणि निम्मा वेळ 'हॅलो, ऐकू येतंय का' यातच जातो. म्हणून पेठ नाक्यावर चिमाजीची जीप गाठून हे पाकीट त्याच्याकडे देणार आहे. तो म्हणाला, "द्या, मास्तरीणबाईंला पोचवतो, पन लय जाड नका करू."

बातमी अशी, की नाना घराबाहेर पडायला तयार झालेत.

हो, आपलेच नाना. आई मे महिन्यात गेली तेव्हापासून जे फाटकाच्या बाहेर गेले नाहीत, कटिंगलासुद्धा ज्यांच्यासाठी माणूस घरी आणावा लागतो, दूध आणि भाजी ज्यांना शेजारच्या सुलामावशी आणून देतात, ते नाना. आठ महिने मी त्यांच्यापुढे हात जोडले. मंदिरात चला, डेपोत जुन्या मित्रांकडे चला, निदान कोपऱ्यापर्यंत चला. पालथ्या घड्यावर पाणी. आणि परवा मी त्यांना माझ्या फिल्मची गोष्ट सांगितली तर पेपर बाजूला ठेवून म्हणाले, "काम काय करायचं असतं?"

गोष्ट ग्रीक लोकांची आहे. ऑर्फियस नावाचा एक गाणारा. त्याची बायको युरिडिसी साप चावून मरते. हा तिला परत आणायला थेट पाताळात जातो, तिथल्या राजाला गाणं ऐकवतो. राजा विरघळतो आणि म्हणतो, ने तिला. ती तुझ्या मागून चालत येईल. पण वर उजेडात पोचेपर्यंत मागे वळून बघायचं नाही. हा निघतो, सगळी वाट चालतो आणि अगदी तोंडाशी आल्यावर त्याला राहवत नाही. तो वळतो, आणि ती कायमची जाते.

माझी फिल्म नऊ मिनिटांची. एक्सपेरिमेंटल. संवाद नाहीत, गाणं नाही. एक म्हातारा माणूस महामार्गाखालच्या त्या भुयारी मार्गातून चालतोय, जिथून कुणी जात नाही, आणि मागून फक्त पावलांचा आवाज येतोय. बास. कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर. शेवटच्या पायरीवर तो वळतो. काळोख.

नानांना अभिनय करावा लागणारच नाही. आई त्यांच्या हातावर गेली. ते सगळं त्यांच्या चेहऱ्यावर आहेच. मी फक्त कॅमेरा लावायचा.

पुण्याच्या महोत्सवाला २८ फेब्रुवारीपर्यंत पाठवायची आहे. लग्नाचे व्हिडिओ कापायचं काम सोडलंय ते यासाठी. आता 'मूर्खा' म्हणून पत्र लिही.

तुझा,
किशोर

*

आश्रमशाळा, ता. सुरगाणा
११ जानेवारी २०२५

किशोर,

मूर्खा.

तुझा तो शेवटून दुसरा परिच्छेद मी तीनदा वाचला. आई नानांच्या हातावर गेली, म्हणून त्यांचा चेहरा आयता मिळाला, असं तू लिहिलंयस. लिहिताना हात थरथरला नाही का रे? पण दुखत होता म्हणतोस, तेव्हा जाऊ दे.

तरीही मी हो म्हणते. तुझी फिल्म गेली खड्ड्यात, मला तिचं काही पडलेलं नाही. नाना बाहेर पडतायत एवढ्यासाठी हो. गेल्या दिवाळीत मी आले होते तेव्हा ते खिडकीपाशी बसून रस्त्यावरून जाणाऱ्या एसट्या मोजत होते. पस्तीस वर्षं ज्यांनी कंडक्टरकी केली, कळवण, पेठ, सुरगाणा सगळं पालथं घातलं, त्या माणसाला फाटकाची कडी काढवत नाही हे मला बघवलं नाही. मी दोन दिवस लवकर निघून आले ते त्यामुळे. तेव्हा तुला शाळेचं कारण सांगितलं होतं.

पण नीट ऐक. ते एकदा बाहेर पडले आणि तिथे काही बिनसलं, तर पुन्हा पडायचे नाहीत. तुला दुसरा चान्स नाही. त्यांच्यावर ओरडायचं नाही. तू ओरडतोस, मला माहिती आहे, आईवरही ओरडायचास. वेळेवर जेवायला घाल. दमले म्हणाले की तिथल्या तिथे बंद कर.

तुझी ग्रीक गोष्ट मी सातवीच्या मुलींना सांगितली. संध्याकाळी वीज गेली होती, काहीतरी सांगायचं होतं. सगळ्या गप्प बसून ऐकत होत्या आणि शेवट झाल्यावर मागच्या ओळीतली एक म्हणाली, "बाई, तिनं हाक का नाय मारली? 'मी हाय, तुमी चला' म्हनायचं ना." मी म्हटलं, तसं गोष्टीत नाही. ती म्हणाली, "मंग ती गोस्ट पुरुषानं केली असंल." तुझ्या महोत्सवात हिला परीक्षक म्हणून ने.

आणि मागून पावलं वाजणार, ती कुणाची? चालणार कोण? ते तू सफाईने गाळलंयस.

ताई

*

नाशिकरोड
२० जानेवारी २०२५

प्रिय ताई,

मी हात टेकले.

शूटिंग झालं. म्हणजे झालं नाही. कुठून सुरू करू तेच कळत नाही.

चालायला सुलामावशी होत्या, तू विचारलंस म्हणून सांगतो. दुसरं कुणी तयार होईना. त्याही येताना मेथीचा भारा घेऊन आल्या. "मला चालायला लाव नाय तर पळायला लाव, पन लवकर आटप. जुड्या बांधायच्या राहिल्यात, संध्याकाळी बाजार हाय." दोन टेकच्या मधल्या वेळात पाताळाच्या पायरीवर बसून जुड्या बांधत होत्या.

माझा मित्र राकेश कॅमेरा घेऊन व्हीलचेअरवर उलटा बसला, म्हणजे तोंड नानांकडे. दुसरा मित्र धम्मपाल खुर्ची मागे ओढत होता. मी आवाजाचं बघत होतो. नाना दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. ताई, ते फाटकाच्या बाहेर आले तेव्हा मला एवढं बरं वाटलं की मी उगाचच रिक्षावाल्याशी गप्पा मारत बसलो. तुला हे सांगितलंच पाहिजे, कारण पुढचं सगळं वाईट आहे.

मी त्यांना सांगितलं, नाना, एकच नियम. मागे बघायचं नाही. शेवटची पायरी आली की मी हात करीन, तेव्हा वळायचं.

पहिला टेक. नऊ पावलं चालले आणि वळून बघितलं.

दुसरा टेक. सात पावलं.

तिसऱ्याला मी म्हटलं, नाना, मागे काही नाही, मावशीच आहेत. ते म्हणाले, "हो, हो, कळलं." पाच पावलं, आणि वळले. चौथ्याला तर निघायच्या आधीच वळले. ताई, चौदा टेक! चौदा वेळा मी 'नाना, मागे बघू नका' म्हटलं. शेवटी शेवटी राकेशच हसायला लागला आणि कॅमेरा हलायला लागला.

मला वाटतं कंडक्टरकीची सवय आहे. पस्तीस वर्षं तेच केलं ना, मागे बघायचं, सगळे चढले का, म्हातारी चढली का, पोरगं लोंबकळतंय का, आणि मग डबल बेल. मानेलाच वळण पडलंय. ऑर्फियसच्या जागी मी एसटीचा कंडक्टर उभा केला ही माझीच चूक.

चौदाव्या टेकनंतर माझं डोकं फिरलं. भूक लागली होती, उजेड जात होता, धम्मपालला दुकानावर जायचं होतं. आणि मी सगळ्यांच्या देखत बोललो, "आईकडे तर चाळीस वर्षांत कधी मागे वळून बघितलं नाहीत, आणि आता कशाला बघताय?"

तुला माहितीये, आई स्वतःच हे गमतीत म्हणायची. 'मी यांची पाठ बघतच संसार केला.' ते पुढे, ती दहा पावलं मागे. आपण सगळे हसायचो, नानाही हसायचे. मी तेच बोललो, फक्त हसत नाही बोललो.

नानांनी शर्टाचा माइक काढला, माझ्या हातात दिला आणि रिक्षा करून घरी गेले. सुलामावशी भारा उचलून म्हणाल्या, "अक्कल हाय का तुला?" आणि त्याही गेल्या.

चुकलो. पण चौदा टेक, ताई! देवही चिडला असता.

किशोर

*

आश्रमशाळा
२७ जानेवारी २०२५

किशोर,

ताकाला जाऊन भांडं लपवायची तुझी सवय जात नाही.

काल टेकडीवर जाऊन मी सुलामावशींना फोन लावला. त्यांच्या पायात काय होतं, हे तू मला का लिहिलं नाहीस? त्या म्हणाल्या, "तुज्या आईच्या चपला घालायला लावल्या मला. मी म्हटलं नको रे बाबा, तर म्हनतो खरा आवाज पाहिजे."

आईच्या चपला. दारातल्या मांडणीवर ज्या आठ महिने तशाच आहेत, ज्या नाना हलवू देत नाहीत, त्या तू त्यांना न सांगता उचलल्यास. आणि त्या रिकाम्या बोगद्यात त्यांच्या मागे वाजवल्यास. टाचेपाशी फाटलेल्या, उजवा पाय घासत चालल्यासारखा आवाज करणाऱ्या. तो आवाज मला झोपेतही ओळखू येईल. आणि वर म्हणतोस मागे का बघतात? कंडक्टरकीची सवय? अरे, दगडसुद्धा वळला असता!

मला फार राग आलाय. माझ्यावरही आलाय, कारण हो मीच म्हटलं होतं.

तुला फिल्म करायची आहे ना, मग आधी माणसाकडे बघायला शिक. कॅमेऱ्यातून नको, साध्या डोळ्यांनी बघ. आणि ते बोललास त्याची माफी माग. 'चुकलो, पण' असली नको. नुसती 'चुकलो' अशी.

ताई

*

नाशिकरोड
३१ जानेवारी २०२५

ताई,

चपला सांगितल्या नाहीत, कारण तू नाही म्हणाली असतीस. एवढंच खरं आहे. त्या पुसून जागेवर ठेवल्यात.

माफी मागितली. 'पण' न लावता. ते भिंतीकडे तोंड करून पडले होते. "बरं," म्हणाले.

आता ओट्यावरसुद्धा येत नाहीत. खिडकीही लावून घेतली. जेवण अर्धं राहतं. सुलामावशी दूध आत ठेवून न बोलता जातात. फिल्म संपली, ती गेली, तिचं सोड. नानांचं काय करू ते सांग. तू येऊ शकतेस का?

किशोर

*

नाशिकरोड
५ फेब्रुवारी २०२५

चि. तेजस्विनीस अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र चिमाजीने घरी आणून दिलं. शाळेची तपासणी आहे म्हणून तुला सुट्टी नाही, हे वाचलं. येऊ नकोस. मला काही झालेलं नाही. मला तुम्हा दोघांच्या पत्रापत्रीचा कंटाळा आलाय. इथे तो दाराआडून विचारतो, तिथून तू पत्रातून विचारतेस. मी काय लहान आहे? पण तू सरळ विचारलंस की चपलांमुळे झालं का, म्हणून सरळ लिहितो. एकदाच लिहीन.

चपलांमुळे झालं नाही. म्हणजे झालं, पण तुला वाटतं तसं नाही.

किशोर मला म्हणाला, नाना, मागे बघायचं नाही, एवढंच काम. मला वाटलं, हे तर मला जन्मभर जमलंय. म्हणून हो म्हटलं. दुसरं कुठलं काम असतं तर नाही म्हणालो असतो.

गाडीवर असताना मी प्रत्येक थांब्यावर मागे बघायचो. पस्तीस वर्षांत माझ्या गाडीतून एक माणूस पडला नाही की एक राहिला नाही. डेपो मॅनेजर नव्या पोरांना माझं नाव सांगायचे. घरी आलो की ते संपलं. बायको मागून येतेच आहे, तिला काय बघायचं, असं. सगळेच पुरुष तसे चालायचे. माझे वडीलही तसेच चालायचे.

त्या दिवशी आम्ही सोमवारच्या बाजारातून येत होतो. अकरा वाजले होते, ऊन फार होतं. माझ्या हातात टरबूज होतं, ते जड होतं म्हणून मी भराभर चाललो होतो. ती मागून म्हणाली, "अहो, थांबा जरा." ती रोजच म्हणायची. मी म्हटलं, "चल, चल, ऊन होतंय." मान न वळवता म्हटलं. पुन्हा एकदा तिने "अहो" म्हटलं. ते मी ऐकलं. ऐकू आलं नाही असं नाही. मी कोपऱ्यापर्यंत गेलो. तिथे सावलीत टरबूज खाली ठेवलं, तेव्हा एक रिक्षावाला ओरडत आला, बाबा, ती बाई तुमची का.

मी पोचलो तोवर संपलं होतं. चार माणसं भोवती होती, त्यांच्यातल्या कुणीतरी तिचं डोकं धरलं होतं. कोण होतं, मला माहीत नाही.

दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, तुम्ही जवळ होता का? मी हो म्हटलं. मग तुम्हाला तेच सांगितलं. मग दहाव्याला, तेराव्याला, सगळ्यांना तेच. माझ्या हातावर गेली. लोक म्हणतात, नाना, नशीबवान हो ती, नवऱ्याच्या हातावर गेली. बाहेर पडलो की कुणी ना कुणी हे म्हणतंच. आणि तो कोपरा घरापासून दोनशे पावलांवर आहे. म्हणून मी बाहेर जात नाही. गुडघे दुखतात असं सांगतो, ते खोटं आहे.

किशोरच्या गोष्टीतला तो माणूस मागे बघतो म्हणून बायको जाते. त्या बोगद्यात मागून चपला वाजल्या आणि मला बघितल्याशिवाय राहवेना. तो 'मागे बघू नका' म्हणायचा, मला ते 'चल, चल' असं वाटायचं. शेवटी तो जे बोलला ते बरोबरच बोलला. त्याला ठाऊक नव्हतं, तरी बरोबर बोलला.

किशोरला यातलं सांगू नकोस. तो स्वतःच्या बोलण्याला दोष लावून घेईल. तब्येत सांभाळ. थंडी आहे, पहाटे कान बांधत जा.

तुझे,
नाना

*

आश्रमशाळा
११ फेब्रुवारी २०२५

ती. नानांस सा. न.

तुमचं पत्र आलं त्याला तीन दिवस झाले. रोज लिहायला बसले आणि रोज फाडलं.

मला तुमचा राग आला, नाना. खोटं कशाला बोलू? ती दोनदा 'अहो' म्हणाली हे वाचलं आणि मी वर्गातून उठून बाहेर गेले. मुली विचारत होत्या, बाई काय झालं. मग संध्याकाळी आठवलं, तिने मलाही सांगितलं होतं, त्याच्या आदल्या रविवारी मी टेकडीवरून फोन लावला तेव्हा. "पाय भरून येतात गं," म्हणाली. मी म्हटलं, डॉक्टरकडे जा, आणि लगेच शाळेचं सांगायला लागले. मी तरी कुठे वळून बघितलं?

तुम्ही थांबला असता तर ती वाचली असती का, मला माहीत नाही. वाचली नसती, असं लिहिलं तर तुम्हाला बरं वाटेल, पण मला ते माहीत नाही आणि तुम्हाला फसवायचं नाही. एवढं मात्र खरं, की ती एकटी पडली. ते आता बदलत नाही. तुमच्यासाठीही नाही आणि माझ्यासाठीही नाही.

पण तुम्ही आठ महिने हे एकट्याने धरून बसलात, याचा मला जास्त राग आहे. जगाला काय सांगायचं ते सांगा. आम्ही तिची मुलं आहोत. आम्हाला खरं सांगायचं होतं.

किशोरला मी सांगणार नाही. तुम्ही सांगा. तो रडेल, दोन दिवस जेवणार नाही, नको ते बोलेल. बोलू द्या. तो उतावळा आहे, वाईट नाही. तुम्ही भिंतीकडे तोंड करून झोपता तेव्हा तो उलटंच समजत बसतो. त्याला वाटतं, तुम्ही फिल्मसाठी रुसलात.

कान बांधते. तुम्ही खिडकी उघडा.

तुमची,
तेजस्विनी

*

नाशिकरोड
२३ फेब्रुवारी २०२५

प्रिय ताई,

नानांनी सांगितलं.

गेल्या रविवारी सकाळी मी चहा करत होतो. ते स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले आणि तिथेच सगळं सांगितलं, टरबुजापासून. एका दमात, बदलीची ऑर्डर वाचून दाखवावी तसं. दूध उतू गेलं तरी मला गॅस बंद करायचं सुचलं नाही, तो त्यांनीच बंद केला. मी काय बोललो ते आठवत नाही. काहीतरी वाईटच बोललो असणार. मग त्या बोगद्यात मी सगळ्यांपुढे काय म्हटलं होतं ते आठवलं आणि मी तिथे फरशीवरच बसलो. ते म्हणाले, "ऊठ, ओलं आहे."

तुला हे आधीच माहीत होतं, आणि तू मला लिहिलं नाहीस. याचा राग यायला हवा. येत नाही.

तिसऱ्या दिवशी ते विचारतात, "तो भुयारी मार्ग रिकामाच असतो का अजून?" मी म्हटलं, नाना, फिल्मचं सोडा आता, मला नाही करायची. तर माझ्यावरच चिडले. "अर्धं काम सोडायची सवयच आहे तुला. इंजिनीअरिंग सोडलंस, नोकरी सोडलीस." आणि मग म्हणाले, "मी मागं चालतो. तिला पुढं चालू दे."

मी म्हटलं, गोष्ट तशी नाही. नवरा पुढे असतो, बायको मागे, त्याशिवाय ती गोष्टच होत नाही. दोन हजार वर्षं झाली. ते म्हणाले, "मग बदल की. तुझ्याच हातात आहे ना सगळं?" अर्धा तास आम्ही यावर भांडलो, ताई. ऑर्फियसवरून. शेजारच्यांना वाटलं असेल प्रॉपर्टीचं चाललंय.

काल केलं. एकच टेक.

सुलामावशी स्वतःच्या रबरी सपाता घालून आल्या. मी त्यांना काही सांगितलं नाही, फक्त म्हटलं, तुम्ही पुढे चाला, तुमच्या चालीने. "माज्या चालीनं म्हंजे सकाळ व्हईल," म्हणाल्या, आणि निघाल्या. कॅमेऱ्यात मोठ्ठ्या त्या, वैतागलेला चेहरा, बाजाराची वेळ टळतेय म्हणून ओठ हलतायत. आणि त्यांच्या खांद्यामागे लांब, अंधुक, नाना.

मावशींना दमा आहे हे मला ठाऊकच नव्हतं. मधेच त्यांना धाप लागली आणि त्या भिंतीला धरून थांबल्या. मला वाटलं, गेला टेक. मी ओरडणार होतो, सवयीने. ओरडलो नाही. मागे नानाही थांबले. पुढे आले नाहीत, काही बोलले नाहीत, नुसते थांबले. दोन मिनिटं चाळीस सेकंद. मी नंतर मोजलं. नऊ मिनिटांच्या फिल्ममध्ये पावणेतीन मिनिटं एक बाई दम खातेय आणि एक म्हातारा तिच्यासाठी थांबलाय. राकेशने माझ्याकडे बघितलं, मी मान हलवली, चालू ठेव.

मग त्या निघाल्या. तेही निघाले. पायऱ्या आल्या. मावशी एकेक पायरी चढून वर पोचल्या, उजेडात. मी सांगितलं होतं, वर पोचलात की सरळ निघून जा. पण त्या ऐकतायत कुठल्या? वरच्या पायरीवर उभ्या राहिल्या, कमरेवर हात ठेवला आणि मागे वळून खाली बघितलं. म्हणाल्या,

"नाना, येताय नं?"

खालून, अंधारातून नाना म्हणाले, "येतोय."

आणि आले. एकेक पायरी, कठड्याला धरून. मी कट म्हणायला विसरलो. ते दोघं कॅमेऱ्याच्या बाजूने बाहेर पडले आणि तसेच बाजाराच्या रस्त्याला लागले. त्याच रस्त्याला, ताई. मी रिक्षा बोलवू का म्हणून मागून हाक मारली, तर नानांनी हातानेच नको म्हटलं.

रात्री राकेशने फुटेज बघितलं. म्हणाला, सगळं मस्त आलंय, फक्त शेवटी ते दोघं बोलतात. तुझी फिल्म तर बिनशब्दांची आहे, तेवढा आवाज पुसून टाकतो.

मी म्हटलं, त्याला हात लावायचा नाही.

तुझा,
किशोर